आधी गुणगुणा, मग ऐका

माझ्या थोरल्या बहिणीचं लग्न ठरत होतं तेव्हा "मुलगा काय करतो?" या आईच्या प्रश्नाला मध्यस्थाने उत्तर दिलं, "पाणीखात्यात आहे, आणि फावल्या वेळात लिहितो." आईने पाणीखातं तेवढं ऐकलं आणि लिहिण्याकडे कानाडोळा केला. ताई मात्र पुढे जन्मभर सांगत आली की हा माणूस लिहितो, आणि फावल्या वेळात पाणीखात्यात जातो.

भावजी लिहायचे जॅझवर. आमच्या घरात तो शब्दसुद्धा कुणी ऐकलेला नव्हता. लग्नानंतर मी पहिल्यांदा त्यांच्याकडे गेले, तर त्यांनी चहाच्या आधी रेकॉर्ड लावली. मी थोडा वेळ सभ्यपणे ऐकलं आणि मग न राहवून विचारलं, "भावजी, हे पाच जण भांडतायत का हो?"

"भांडतायतच," ते खूश होऊन म्हणाले. "पण एकमेकांचं पुरतं ऐकून घेऊन भांडतायत. तुमच्या घरी जमतं का कुणाला?"

आमच्या घरी खरंच कुणाला जमत नव्हतं, मला तर मुळीच नाही. तेव्हापासून आमची गट्टी झाली. मी एका वकिलांच्या ऑफिसात टायपिस्ट होते, त्यामुळे भावजींचा प्रत्येक लेख माझ्या हाताखालून गेला. ते मला 'मेव्हणीबाई' म्हणायचे आणि मी त्यांची निम्मी विशेषणं कापून टाकायचे. ते कुरकुरायचे, पण लेख छापून आला की आधी मला दाखवायला आणायचे.

पाणीखात्यात त्यांचं काम मीटर वाचायचं. खाकी पिशवी, टॉर्च आणि एक लांब काठी घेऊन घरोघरी फिरायचं, वाकून आकडा बघायचा, लिहून घ्यायचा. "मीटर नेहमी घराच्या मागच्या अंगाला असतो," ते म्हणायचे, "आणि माणूस खरा कसा आहे ते मागच्या अंगालाच कळतं." असेच एकदा कुणाच्या तरी मीटरवर वाकलेले असताना वर न्हाणीघराच्या खिडकीतून क्लॅरिनेटचे सूर आले. आत एक म्हातारा शिंपी कमरेला टॉवेल गुंडाळून वाजवत होता, कारण घरातल्या इतर खोल्यांत त्याला बंदी होती. बंदराजवळच्या मोठ्या हॉटेलात एके काळी नाचाचा हॉल होता आणि हा शिंपी तिथल्या बँडमध्ये वाजवत असे. त्या दिवशी भावजींनी मीटरचा आकडा चुकीचा लिहिला आणि त्या गल्लीतली उरलेली घरं तशीच राहिली. साहेबांनी झापलं. भावजींनी ते झापणं या कानाने ऐकलं आणि त्या कानाने सोडून दिलं.

हॉटेलचा तो हॉल कधीच बंद पडला होता, तिथे आता टायरचं गोदाम होतं. बँडवाले पांगले होते. कुणी चष्म्याचं दुकान टाकलं होतं, कुणी बसवर कंडक्टर होता, कुणी नुसताच घरी बसून सुनेच्या शिव्या खात होता. मीटर वाचता वाचता भावजींनी त्या सगळ्यांना एकेक करून हुडकून काढलं. कुणाच्या मागच्या अंगणात सॅक्सोफोनची रिकामी पेटी दिसली की यांनी पिशवी खाली ठेवलीच म्हणून समजा.

या कामाची त्यांची एक पद्धत होती आणि तिच्याबद्दल ते फार कडक होते. आधी गुणगुणा, मग ऐका. म्हाताऱ्या वादकाला जुनी रेकॉर्ड आधी ऐकवली की तो म्हणतो, हो हो, अस्संच वाजवत होतो. मग त्याची स्वतःची आठवण गेलीच म्हणायची. म्हणून भावजी आधी त्याला ती धून गुणगुणायला लावायचे आणि शेजारी लंबकाचं ते टिकटिक करणारं यंत्र, मेट्रोनोम, ठेवून त्याचा वेग मोजायचे. तो टिपून झाला की मगच रेकॉर्ड.

रेकॉर्ड वाजवायला त्यांच्याकडे जुन्या बाजारातून उचललेला एक जडशीळ प्लेयर होता. त्याला दोन वेग होते. एक नव्या, मोठ्या रेकॉर्डसाठी आणि एक जुन्या, जाड, हातातून सुटली तर बशीसारख्या फुटणाऱ्या रेकॉर्डसाठी. जगभरचं जॅझ भावजींनी पै पै साठवून घेतलं ते सगळं नव्या रेकॉर्डवर. जुन्या जाड रेकॉर्ड त्यांच्याकडे फक्त त्या हॉटेलच्या बँडच्या होत्या. बँडने एकदा काही धुना ध्वनिमुद्रित केल्या होत्या, त्यातल्या ज्या थोड्या तबकड्या उरल्या त्या यांनीच वाचवल्या. एक तर एका बाईंनी कुंडीखाली ठेवली होती. शहरात दुसऱ्या कुणाकडे त्या नव्हत्या, त्यामुळे ज्याला ऐकायच्या तो भावजींच्या घरी यायचा, नाहीतर भावजींनी त्याच प्लेयरवरून भरून दिलेली कॅसेट ऐकायचा. रेडिओवालेसुद्धा तीच कॅसेट लावायचे.

आणि या रेकॉर्ड ऐकता ऐकता भावजींना त्यांचा मोठा शोध लागला. आमच्या शहराचा बँड जगातल्या कुठल्याही बँडपेक्षा जलद वाजवत होता. नुसता जलद नाही, सुरालाही चढा, लखलखीत. त्याच धुना बाहेरचे दिग्गज किती निवांत वाजवायचे आणि आमचे शिंपी आणि कंडक्टर बघा! भावजींनी याला 'बंदराची चाल' असं नाव दिलं. दुसरी गोष्ट त्यांच्या लक्षात आली ती अशी, की झाडून सगळे म्हातारे वादक आपलीच धून रेकॉर्डपेक्षा हळू आणि खालच्या सुरात गुणगुणायचे. एकही अपवाद नाही, आणि फरकही सगळ्यांचा जवळपास सारखाच. त्यावर त्यांनी या बँडवरच्या आपल्या पुस्तकात एक अख्खं प्रकरण लिहिलं, 'हात जड होतो'. वय झालं की लय कशी उतरते आणि उतरल्याचं माणसाला कसं कळत नाही, हे त्यांनी इतकं सुंदर लिहिलं होतं की टाइप करताना माझे डोळे भरून आले होते. मी त्या प्रकरणातलं एकही विशेषण कापलं नाही.

पुस्तक आलं आणि आमचा मीटरवाला एकदम इतिहासकार झाला. वर्तमानपत्रात सदर मिळालं. परदेशातून दोन प्राध्यापक येऊन ताईच्या हातचा चहा पिऊन गेले. महापौरांनी सत्कारात सांगितलं की वेग या शहराच्या रक्तातच आहे. पाणीखात्यातला एक अर्ज ज्या शहरात वर्ष-वर्ष टेबलावरून हलत नाही, त्या शहराबद्दल ते बोलत होते. टाळ्या मात्र कडकडून पडल्या.

आता ठेकामास्तरांबद्दल सांगायला हवं. हे त्या बँडचे ड्रमर. बँड मोडल्यावरही वाजवत राहिलेले तेवढे एकटेच. दर रविवारी सकाळी बागेतल्या उपाहारगृहात चार तरुण पोरांबरोबर ते ड्रमवर बसायचे, टोपी मागे सरकवून, ओठांत न पेटवलेली सिगरेट धरून. भावजी त्यांच्या घरी गेले होते तेव्हा मी बरोबर होते. ड्रमर काय गुणगुणणार, म्हणून मास्तरांनी जेवणाच्या टेबलावर दोन चमच्यांनी ठेका धरला. मग भावजींनी कॅसेट लावली. मास्तर मान तिरकी करून ऐकत राहिले.

"हा मी?" त्यांनी विचारलं.

"तुम्हीच की."

"साहेब, या वेगाने वाजवलं असतं तर नाचणाऱ्यांच्या पायांत बूट राहिले नसते."

भावजी मनापासून हसले. केवढा विनम्र माणूस, असं जिना उतरताना मला म्हणाले. आणि पुस्तकात लिहिलं की ठेकामास्तरांचा हात अजून सफाईदार आहे, पण लय खाली आली आहे आणि त्यांना स्वतःला ते जाणवत नाही.

मास्तरांनी ते वाचलं. पुढच्या रविवारी ते बागेत गेले, ड्रमच्या काठ्या त्या पोरांच्या हातात दिल्या आणि म्हणाले, "ज्याला आपली लय गेल्याचं कळत नाही, त्याने उठावं." पोरांनी खूप विनवण्या केल्या. पण मास्तरांचं एकच म्हणणं, एवढा अभ्यास केलेला माणूस खोटं कशाला लिहील. ते घरी बसले ते बसलेच. पुढच्या फेरीला भावजी त्यांच्याकडे मीटर वाचायला गेले तेव्हा मास्तरांच्या सुनेने दारातच सांगितलं, "यापुढे आमचा मीटर दुसऱ्या कुणाला तरी वाचायला पाठवा."

भावजींना ते लागलं. घरी येऊन जेवले नाहीत. पण इतिहास लिहायचा तर सगळ्यांची मनं राखून चालत नाही, अशी त्यांनी स्वतःची समजूत घातली. ताईला ती पटली नाही. "मनं राखायला कोण सांगतंय," ती म्हणाली. "पण तो माणूस वाजवत होता तेव्हा लोक कान टवकारून ऐकत होते, ते काय सगळे बहिरे होते?"

अशीच काही वर्षं गेली. भावजी निवृत्त झाले तेव्हा माझ्या भाचीने, म्हणजे त्यांच्या लेकीने, त्यांना नवाकोरा प्लेयर भेट दिला. जुन्या रेकॉर्डही वाजवणारा, मुद्दाम शोधून आणलेला. जुना प्लेयर तसा खोकायला लागलाच होता. सगळे जमलो, भावजींनी हॉटेलच्या बँडची लाडकी रेकॉर्ड काढली, शर्टाच्या टोकाने पुसली आणि लावली. बँड सुरू झाला आणि भावजींचा चेहरा उतरला.

"यंत्र बिघडलेलं आहे," ते म्हणाले. "हळू फिरतंय."

भाची हिरमुसली. दुसऱ्या दिवशी मी आणि ताई प्लेयर घेऊन दुकानात गेलो. दुकानदार सज्जन होता, त्याने निमूटपणे बदलून दिला. दुसराही हळू. पुन्हा दुकान. आता दुकानदाराच्या कपाळावर आठी आली, पण त्याने वेगळ्या कंपनीचा दिला. तिसराही हळू. भावजींनी नव्या जमान्याच्या नावाने बोटं मोडली. हल्ली कशातच राम राहिलेला नाही, वगैरे. चौथ्या खेपेला ते स्वतः तणतणत दुकानात आले, बगलेत रेकॉर्ड घेऊन. दुकानदाराने शांतपणे आपला स्वतःचा, गाणी ऐकायचा प्लेयर पुढे केला. त्याच्यावरही बँड तस्साच निवांत, गुबगुबीत आवाजात वाजायला लागला. दुकानातल्या एका गिऱ्हाइकाचा पाय आपोआप ठेका धरू लागला.

"तुमचाही बिघडलाय," भावजी म्हणाले, पण आवाज खाली आला होता.

ताईने तिथेच, चारचौघांत, कमरेवर हात ठेवले. "अहो, जन्मभर लोकांचे पळणारे मीटर पकडलेत ना? मग दुकानातली सगळी यंत्रं हळू आणि आपल्या घरातलं तेवढं बरोबर, असं कसं होईल?"

घरी आल्यावर भावजींनी जुना प्लेयर काढला. रेकॉर्डच्या कडेला कागदाचा कपटा चिकटवला, हातात घड्याळ धरलं आणि कपटा किती वेळा समोरून जातो ते मोजायला बसले. मोजलं. मग म्हणाले, घड्याळ मागे पडतंय. माझं घड्याळ घेऊन मोजलं. मग ताईचं. मग प्लेयर उलटा केला. तळाला वेगाचा एक बारीक स्क्रू होता, आधीच्या कुठल्या तरी मालकाने तो पिळून ठेवलेला, त्यावर गंज चढलेला. नव्या रेकॉर्डच्या वेगाशी त्याचा काही संबंध नव्हता. पळत होत्या त्या फक्त जुन्या, जाड रेकॉर्ड. फक्त आमचा बँड.

मला खरं सांगायचं तर हसू आवरत नव्हतं. बंदराची चाल! महापौर! रक्तातला वेग! मी तोंडाला पदर लावून स्वयंपाकघरात पळाले आणि ताईही मागोमाग आली, आणि आम्ही दोघी ओट्याला धरून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो. बाहेर आलो तेव्हा भावजी तसेच जमिनीवर बसलेले होते. उलटा प्लेयर मांडीवर.

"ठेकामास्तर," ते म्हणाले. एवढंच म्हणाले आणि आमचं हसणं जागच्या जागी थांबलं.

पुस्तकाची दुसरी आवृत्ती त्याच महिन्यात छपाईला जायची होती. भावजींनी प्रकाशकांना फोन लावला. प्रकाशक हादरले, पण लगेच सावरून म्हणाले, "शेवटच्या पानावर बारीक अक्षरात दोन ओळी टाकू. कोण वाचतंय? 'हात जड होतो' वाचूनच तर लोक पुस्तक घेतात." भावजींनी सांगितलं की ते प्रकरण जाणार, नाहीतर पुस्तकच जाणार. प्रकाशक चिडून म्हणाले की मग तुमच्याकडे उरतंय काय. भावजी म्हणाले, ते अजून मला माहीत नाही, आणि फोन ठेवून दिला. एवढ्या शांतपणे त्यांना बोलताना मी पहिल्यांदाच ऐकलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही तिघं टॅक्सीने मास्तरांकडे गेलो, मांडीवर नवा प्लेयर घेऊन. दार सुनेने उघडलं. तिने आमच्याकडे पाहिलं, प्लेयरकडे पाहिलं, आणि जागची हलली नाही.

"मीटर मागच्या बाजूला आहे," ती म्हणाली.

"मीटरचं नाही, बाई. मास्तरांची माफी मागायची आहे."

मास्तर खिडकीपाशी खुर्चीत बसले होते. वाळले होते. दोन्ही हात गुडघ्यांवर पालथे, अगदी स्वस्थ. भावजींनी उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. यंत्र, स्क्रू, कागदाचा कपटा, सगळं. मास्तरांनी ऐकून घेतलं आणि भावजींच्या हातावर थोपटलं.

"साहेब, तुम्ही चांगले आहात. म्हाताऱ्याचं मन राखायला एवढी तंगडतोड केलीत. पण पुस्तकात खोटं येत नाही हो."

भावजींनी आमच्याकडे पाहिलं. इतका हतबल झालेला माणूस मी क्वचित पाहिलाय. त्यांच्या शब्दावर मास्तरांनी आपली लय टाकून दिली होती, आणि आता त्यांचाच शब्द ती परत द्यायला पुरत नव्हता.

"मग माझं ऐकू नका," भावजी शेवटी म्हणाले. "पद्धतीने करू. आधी तुम्ही, मग रेकॉर्ड. ती जुनी धून, हॉलचे दरवाजे उघडले की पहिली वाजवायचात ती. धरा ठेका."

"नको साहेब. माझा हात जड आहे. छापून आलंय."

तेव्हा सून आत गेली आणि दोन चमचे आणून तिने मास्तरांसमोर टेबलावर आपटले. "बाबा, वाजवा. एकदाच. मलाही बघायचंय यांनी काय करून ठेवलंय ते."

सुनेपुढे मास्तरांचं काही चालत नसावं. त्यांनी चमचे उचलले, थोडा वेळ नुसते धरून ठेवले, आणि मग डोळे मिटून ठेका धरला. सुरुवातीला जरा चाचपडत, मग सरळ. भावजींनी मेट्रोनोम काढला, त्याचं वजन वर-खाली सरकवत मास्तरांच्या ठोक्याशी जुळवलं आणि तसाच टिकटिकत ठेवून दिला. मग रेकॉर्ड लावली. सुई ताईने ठेवली.

थोडी खरखर झाली आणि बँड सुरू झाला. चमचे, मेट्रोनोम आणि रेकॉर्डमधला तो तरुण ड्रमर, तिघांचा ठोका एकच. केसाचाही फरक नाही. सून तोंडावर हात ठेवून उभी राहिली. मास्तरांचे चमचे थांबले. त्यांनी डोळे उघडले आणि रेकॉर्डची ती बाजू संपेपर्यंत हललेसुद्धा नाहीत.

"हा मी," ते म्हणाले.

"तुम्हीच," भावजी म्हणाले.

"तुमची ती कॅसेट ऐकली की वाटायचं, हा कुणीतरी दुसराच. माझ्यापेक्षा फार चांगला. मला वाटलं, मीच स्वतःला विसरलो." आणि मग त्यांचा आवाज चढला. "अहो, किती रविवार घालवलेत माझे! मेट्रोनोम घेऊन हिंडत होतात गावभर, त्या गाढव यंत्राला एकदा लावून बघता आला नाही? सगळे म्हातारे एकाच मापाने हळू कसे होतील? कुणी जास्त, कुणी कमी नको व्हायला?"

भावजी मान खाली घालून ऐकत होते आणि खरं सांगते, त्यांचा चेहरा उजळत चालला होता. मास्तर जितके ओरडत होते तितका आमचा जीव भांड्यात पडत होता. दमले तेव्हा पाणी प्यायले आणि हळू आवाजात म्हणाले, "मला निदान कळलं. पण तो क्लॅरिनेटवाला शिंपी वारला, आणि मरताना म्हणत होता, माझी फुंकच कमी पडते. त्याला कोण सांगणार?"

मग भावजी म्हणाले, "त्यांच्या घरच्यांना मी सांगेन. घरं मला सगळी माहीत आहेत."

आणि त्यांनी सांगितलं. प्लेयर आणि रेकॉर्ड पिशवीत घालून ते पुन्हा गल्लोगल्ली हिंडले, या खेपेला पुढच्या दाराने. शिंप्याची बायको रेकॉर्ड ऐकून म्हणाली, हां, आता ओळखला, आणि पुन्हा लावायला सांगितली. दुसरी आवृत्ती उशिरा आली. त्यातून 'बंदराची चाल' गेली होती आणि 'हात जड होतो'च्या जागी नवं प्रकरण होतं, वाजवणारे सगळे बरोबर होते असं सांगणारं. ज्यांच्याबद्दल चुकीचं छापलं होतं त्या प्रत्येकाचं नाव त्यात होतं, आणि मी त्यातलीही विशेषणं कापली नाहीत. परदेशातल्या प्राध्यापकांनी पुन्हा यायचं टाळलं. महापौरांनी फोन उचलला नाही. भावजींचं सदर वर्तमानपत्राने मात्र चालू ठेवलं, कारण संपादक म्हणाले, एवढी मोठी चूक एवढ्या आनंदाने कबूल करणारा माणूस दुसरा कुठे मिळणार.

मास्तर बागेत परत गेले. पहिल्या रविवारी ते लवकर दमले, दुसऱ्या रविवारी कमी दमले. टोपी मागे सरकली, सिगरेट ओठांत आली. आम्ही तिघं पुढच्याच टेबलावर बसतो. प्रत्येक धून सुरू करण्याआधी मास्तर काठ्या हवेत धरतात, भावजींकडे बघतात आणि सगळ्या बागेला ऐकू जाईल असं विचारतात, "साहेब, या वेगाने चालेल ना?"

ती चार पोरं खिदळतात, सून खिदळते, आम्ही दोघी बहिणी तर असतोच. आणि जन्मभर दुसऱ्यांच्या वाजवण्यावर निकाल देत आलेले आमचे भावजी खुर्चीतून अर्धवट उठून, अगदी मनापासून सांगतात, "तुम्ही धराल तो वेग, मास्तर."